डिझाइनमधली चूक: झाल्यावर नेमकं काय करायचं

 

आजचा विषय खास त्यांच्यासाठी, जे डिझाइनच्या पहिल्या-दुसऱ्या नोकरीत आहेत. यूआय, यूएक्स, प्रॉडक्ट, ग्राफिक, काहीही. मी स्वतः डिझायनर नाही, हे आधीच सांगतो. मी बीटेक केलेला सॉफ्टवेअर इंजिनिअर. पण गेली काही वर्षं माझी खुर्ची डिझायनर लोकांच्या शेजारी आहे. त्यांनी फिग्मात काढलेली स्क्रीन आम्ही कोडमध्ये उतरवतो. त्यामुळे त्यांचं चांगलं काम जसं जवळून दिसतं, तशा त्यांच्या चुकाही दिसतात, आणि चूक झाल्यावर त्यांचे चेहरे कसे होतात तेही दिसतं.

खरं सांगायचं तर आजचा भाग त्या चेहऱ्यांमुळेच आहे. गावाकडून आलेला, घरी पैसे पाठवणारा, लॅपटॉपचा हप्ता भरणारा एखादा पोरगा किंवा पोरगी. प्रोबेशन अजून संपलेलं नाही. त्यात आपण काढलेली स्क्रीन लाइव्ह जाते आणि काहीतरी फसतं. मग रात्री झोप नाही. "आता काढतील का मला?" एवढा एकच प्रश्न. आणि वर सगळे सांगतात, "अरे, चुकांमधून शिक!" म्हणजे नेमकं काय करायचं, ते मात्र कुणी सांगत नाही.

तर आज ते 'नेमकं काय' बघूया. काही खरे किस्से सांगतो आणि प्रत्येकातून एक कामाची गोष्ट घेऊ.

पहिला किस्सा दुसऱ्या महायुद्धातला. अमेरिकेचं बी-१७ नावाचं चार इंजिनांचं बॉम्बर विमान होतं. त्याच्या बाबतीत एक विचित्र प्रकार पुन्हापुन्हा व्हायचा. वैमानिक विमान सुखरूप उतरवायचे, विमान धावपट्टीवर धावत असायचं, आणि मग ते पंखांचे फ्लॅप आत घ्यायच्या ऐवजी चाकंच आत घ्यायचे! विमान पोटावर आपटायचं. अहवालात कारण काय लिहायचे? 'वैमानिकाची चूक'. झालं, फाइल बंद.

अल्फोन्स चापानिस नावाचे मानसशास्त्रज्ञ तेव्हा अमेरिकी हवाई दलासाठी काम करत होते. त्यांनी कॉकपिटमध्ये जाऊन बघितलं. चाकांचा स्विच आणि फ्लॅपचा स्विच अगदी शेजारीशेजारी, आणि दिसायला, हाताला लागायला सारखेच. लांबचं उड्डाण करून थकलेला माणूस अंदाजाने हात घालणार, तर दुसरं काय होणार? त्यांनी उपाय केला तो एकदम साधा. चाकांच्या स्विचला छोटं रबरी चाक लावलं आणि फ्लॅपच्या स्विचला पाचरीसारखा तुकडा. आता हातालाच कळायला लागलं की आपण काय धरलंय. आजही मोठ्या प्रवासी विमानांत लँडिंग गिअरच्या दांड्याची मूठ चाकाच्या आकाराची असते.

पुढे १९४७ मध्ये पॉल फिट्स आणि रिचर्ड जोन्स यांनी 'वैमानिकाची चूक' म्हटल्या गेलेल्या ४६० अनुभवांचा अभ्यास केला. त्यातही तेच दिसलं. एक नियंत्रक समजून दुसराच हलवला, अशा चुका खूप होत्या. म्हणजे वेगवेगळी माणसं त्याच त्याच जागी चुकत होती. एकच माणूस एकदा चुकला तर समजू शकतो. पण दहा माणसं एकाच खड्ड्यात पडत असतील तर खड्डा बघायला नको का?

यूएक्सच्या कोर्समध्ये हे सगळ्यांना शिकवतात: युजरला दोष देऊ नका, डिझाइन तपासा. परीक्षेत आपण लिहितोही. पण हाच नियम आपण स्वतःला लावत नाही. डिझायनरसुद्धा कशाचा तरी युजर असतोच की. ऑफिसच्या कामाच्या पद्धतीचा, डेडलाइनचा, ब्रीफचा, कंपोनंट लायब्ररीचा तो युजरच आहे. तुमच्याकडून चूक झाली तर 'मीच बिनडोक' असं म्हणून फाइल बंद करू नका. आपल्याला कोणता स्विच चुकीचा लागला, तो शेजारीच का होता, हे शोधा. यात जबाबदारी झटकणं अजिबात नाही. 'मी बिनडोक' म्हणण्यात उलट आळस आहे, कारण त्याच्यापुढे करण्यासारखं काही उरत नाही.

दुसरा किस्सा आपल्या सगळ्यांच्या बोटांशी संबंधित आहे. पासवर्ड बनवताना एक कॅपिटल अक्षर हवं, एक आकडा हवा, एक चिन्ह हवं, आणि दर तीन महिन्यांनी बदला. हा छळ आला कुठून? अमेरिकेत एनआयएसटी नावाची सरकारी संस्था आहे, मानकं ठरवणारी. तिथले बिल बर यांनी २००३ मध्ये पासवर्डबद्दल आठ पानांचं मार्गदर्शन लिहिलं. लोक प्रत्यक्षात पासवर्ड कसे ठेवतात याचा पुरेसा डेटा त्यांना हवा होता, तो मिळाला नाही. वेळही कमी होता. मग त्यांनी ऐंशीच्या दशकातल्या एका जुन्या लेखावर बरीच भिस्त ठेवली. ते मार्गदर्शन जगभर पसरलं.

पुढे काय झालं ते तुम्हाला माहीतच आहे. लोकांनी पहिलं अक्षर कॅपिटल केलं, शेवटी एक आकडा आणि एक चिन्ह चिकटवलं, आणि तीन महिन्यांनी एकचा दोन केला. हॅकरलाही हे पाठ. २०१७ मध्ये एनआयएसटीने नियम बदलले. पासवर्ड लांब असू द्या, उगाच ठरावीक मुदतीने बदलायला लावू नका, चिन्हांची सक्ती करू नका. त्याच वर्षी बर यांनी 'वॉल स्ट्रीट जर्नल'ला सांगितलं की आपण जे केलं त्यातल्या बऱ्याच गोष्टींचा आता पस्तावा होतो. तोवर ते निवृत्त झाले होते.

मला हा माणूस आवडतो. चूक कबूल करायला कुणी त्यांच्या मागे लागलं नव्हतं. पण आपल्यासाठी धडा वेगळा आहे. बर यांच्याकडे डेटा नव्हता, अंदाज होता. अंदाज करावाच लागतो, त्यात गैर काही नाही. अडचण अशी झाली की कागदावर उतरताना अंदाजाचा नियम झाला, आणि मधली चौदा वर्षं तो बहुतेकांनी नियम म्हणूनच पाळला. आपण रोज हेच करतो. "युजरला हे कळेल," असं मीटिंगमध्ये म्हणतो, आणि दोन आठवड्यांनी ते 'ठरलेलं' असतं. म्हणून फिग्मात जिथे अंदाज आहे तिथे सरळ लिहून ठेवा: 'हा अंदाज आहे, लाइव्ह गेल्यावर एका महिन्याने बघायचं.' एक पिवळी चिठ्ठी. बस्स. चूक झालीच तर ती कुठून आली हे शोधायला पुरावा राहतो.

आता एक किस्सा जवळचा. कंपनीचं नाव घेत नाही. तिकीट बुकिंगचं ॲप होतं, मी तेव्हा पेमेंटच्या टीममध्ये होतो. गणपतीच्या आधीचे दिवस. कोकणात जाणाऱ्या गाड्या भरलेल्या. आणि आमच्याकडे रिफंडच्या विचित्र तक्रारी यायला लागल्या. काही लोक म्हणत होते, "मी तिकीट रद्द केलं, पैसे परत आले नाहीत." काही म्हणत होते, "मी रद्द केलंच नाही, तरी तिकीट गेलं!" दोन्ही एकदम. आम्हाला वाटलं आमच्या कोडमध्ये घोळ आहे. दोन दिवस कोड चाळला, काही सापडेना.

शेवटी कस्टमर केअरमध्ये मराठी कॉल घेणाऱ्या एकाने स्क्रीनचा फोटो पाठवला. प्रश्न होता: 'बुकिंग रद्द करायचं आहे का?' आणि खाली दोन बटणं: 'रद्द करा' आणि 'ठीक आहे'.

आता सांगा, तिकीट रद्द करायचं असेल तर तुम्ही काय दाबाल? 'रद्द करा', बरोबर ना? पण ते बटण होतं इंग्रजीतल्या कॅन्सलचं शब्दशः भाषांतर. म्हणजे 'हा डबा बंद करा, मला मागे जाऊ द्या'. दाबलं की डबा बंद, तिकीट तसंच. माणूस निवांत, पैसे येतील म्हणून वाट बघतोय. आणि ज्याने चुकून डबा उघडला, तो 'ठीक आहे, राहू दे' या अर्थाने 'ठीक आहे' दाबायचा. तिकीट गेलं! गणपतीला गावी जाण्याचं तिकीट. ते दुसरं कुठून मिळणार?

ती स्क्रीन ज्या डिझायनरची होती, तिला आम्ही सगळे ताई म्हणायचो. आम्हाला पाच-सहा वर्षांनी सिनियर. तिने काय केलं ते मी आजही नवीन मुलांना सांगतो, कारण क्रम महत्त्वाचा आहे.

पहिलं काम, नुकसान थांबवलं. त्याच संध्याकाळी बटणांवरचे शब्द बदलून घेतले. 'हो, तिकीट रद्द करा' आणि 'नको, तिकीट राहू द्या'. नवीन सुंदर स्क्रीन बनवायच्या फंदात पडली नाही.

दुसरं, ज्यांना फटका बसला त्यांची यादी काढायला लावली. आमच्या टीमकडे ती यादी आली, पैसे परत गेले. ज्यांची गाडी गेली त्यांचं गाव काही परत आणता येत नव्हतं. हे ती स्वतः मीटिंगमध्ये बोलली. चुकीचा आकडा सगळे सांगतात, चुकीचा माणूस कुणी सांगत नाही. तिने सांगितला.

तिसरं, कारण शोधलं. मीटिंगमध्ये कुणीतरी म्हणालं, "भाषांतर करणाऱ्याने घोळ घातला." ताईने तिथेच थांबवलं. भाषांतर करणाऱ्याला मिळाली होती एक्सेलची शीट. त्यात एका रांगेत नुसता 'कॅन्सल' हा शब्द. स्क्रीन दाखवलीच नव्हती. त्याने बरोबरच भाषांतर केलं होतं! मग ती म्हणाली, "स्क्रीन माझी आहे. माझा फोन इंग्रजीत असतो. मी मराठी असून ही स्क्रीन मराठीत एकदाही वाचली नाही." रडणं नाही, सॉरी-सॉरीचा पाढा नाही. एक वाक्य, आणि पुढे चालू.

आणि चौथं, जे बहुतेक लोक करत नाहीत. तिने ती चूक पुन्हा होऊच नये अशी सोय केली. नियम झाला की बटणावर नुसतं 'हो', 'ठीक आहे', 'रद्द' चालणार नाही. काय होणार आहे ते पूर्ण लिहायचं. भाषांतराला शीटबरोबर स्क्रीनशॉट जायला लागले. आणि प्रत्येक मराठी स्क्रीन लाइव्ह जायच्या आधी पाच जणांना दाखवायची, त्यातला किमान एक ऑफिसबाहेरचा. खालच्या टपरीवरचे चहावाले काका आमचे सगळ्यात कडक परीक्षक निघाले. त्यांना एखादं बटण कळलं नाही की ते परत टेबलावर यायचं.

मंडळी, शिकलो असं कधी म्हणायचं? माझ्या मते, तुम्ही ती कंपनी सोडून गेलात तरी तिथल्या पुढच्या माणसाकडून तीच चूक होणार नाही, तेव्हा. नुसतं मनाशी 'यापुढे लक्ष देईन' म्हणणं म्हणजे शिकणं नव्हे. लक्ष हे थकतं. बी-१७ च्या वैमानिकांचंही थकायचं. स्विचला चाक लावावं लागतं.

आता अवघड प्रश्न. चूक फक्त तुम्हालाच माहीत आहे, अजून कुणाला कळलेली नाही. सांगायची की गप्प बसायचं?

न्यू यॉर्कमध्ये सिटीकॉर्प सेंटर नावाची ५९ मजली इमारत १९७७ मध्ये पूर्ण झाली. जागेच्या एका कोपऱ्यात चर्च होतं, म्हणून इमारतीचे मोठे खांब कोपऱ्यांवर न देता प्रत्येक बाजूच्या मध्यावर दिले होते. तिचे स्ट्रक्चरल इंजिनिअर होते विल्यम लमेझुरिए. इमारत लोकांनी भरून गेल्यावर १९७८ मध्ये त्यांना कळलं की पोलादी सांधे वेल्डिंगऐवजी बोल्टने जोडले गेलेत. त्याच सुमारास एका विद्यार्थ्याच्या शंकेमुळे त्यांनी तिरकस वाऱ्याचा हिशोब पुन्हा मांडला. त्यांच्या हिशोबाप्रमाणे सरासरी सोळा वर्षांतून एकदा येणाऱ्या वादळात, वीज गेली तर, इमारत धोक्यात होती.

विचार करा. नाव झालेला माणूस, करिअरच्या शिखरावर. गप्प बसला असता तर कदाचित कुणालाच कळलं नसतं. त्यांनी स्वतः जाऊन मालकांना सांगितलं. मग रात्रीरात्री, ऑफिसं सुटल्यावर, वेल्डर लोकांनी सांध्यांवर दोन इंच जाडीच्या पोलादी पट्ट्या बसवल्या. सप्टेंबरात एला नावाचं चक्रीवादळ शहराकडे यायला लागलं होतं, नशिबाने ते समुद्राकडे वळलं. त्यांचं करिअर संपलं नाही. आज इंजिनिअरिंगच्या नीतिमत्तेच्या तासाला हे उदाहरण शिकवतात.

पण या गोष्टीला दुसरी बाजू आहे आणि ती लोक पटकन विसरतात. त्या इमारतीत रोज काम करणाऱ्यांना आणि आजूबाजूला राहणाऱ्यांना हे कुणी सांगितलं नाही. १९९५ मध्ये 'न्यू यॉर्कर'मध्ये लेख आला तेव्हा जगाला कळलं. सतरा वर्षांनी! म्हणजे मालकाला सांगितलं, पण ज्यांच्या डोक्यावर छप्पर होतं त्यांना नाही. दुरुस्ती मोठ्या धाडसाने झाली, हे खरं. लोकांचा हक्क डावलला गेला, हेही खरं. आणि जगभरातल्या बाकीच्या इंजिनिअरांना यातून शिकायला सतरा वर्षं उशीर झाला.

याच्या उलट उदाहरण आमच्या क्षेत्रातलं. ३१ जानेवारी २०१७ ला गिटलॅब कंपनीत एका इंजिनिअरने रात्री उशिरा, थकलेला असताना, चुकीच्या सर्व्हरवर डेटा पुसायची कमांड दिली. सुमारे ३०० जीबीमधले साडेचार जीबी उरले. बॅकअप घ्यायच्या बऱ्याच पद्धती होत्या, ऐन वेळी बहुतेक निकामी निघाल्या. सहा तासांपूर्वीची एक प्रत सापडली, तीवरून गाडी रुळावर आली. मधल्या सहा तासांचा डेटा गेला तो गेलाच. पण त्यांनी काय केलं? दुरुस्तीचं काम यूट्यूबवर लाइव्ह दाखवलं, नोंदी सगळ्यांसाठी उघड्या ठेवल्या, नंतर सविस्तर अहवाल प्रसिद्ध केला. त्या माणसाला काढलं नाही.

आणि त्यांच्या सुधारणांच्या यादीत एक गंमतशीर गोष्ट होती. कोणत्या सर्व्हरवर आहोत ते टर्मिनलमध्ये ठळकपणे वेगळं दिसेल असं करा. ओळखलंत? तेच बी-१७ चं रबरी चाक! सत्तरेक वर्षांनी, वेगळ्या धंद्यात, तोच उपाय.

आता तुम्ही म्हणाल, "दादा, ते गिटलॅब आहे. आमचा मॅनेजर असा नाही. आमच्याकडे चूक कबूल केली की ॲप्रेझलमध्ये निघते." बरोबर आहे. सगळी ऑफिसं सारखी नसतात आणि सगळीकडे मनाचा मोठेपणा भेटत नाही. तिथे आंधळेपणाने छाती काढून उभं राहा असं मी सांगणार नाही. पण अशा ठिकाणीही तीन गोष्टी करता येतात.

एक, लवकर सांगा आणि उपायासकट सांगा. "सर, असं झालंय, इतक्या लोकांवर परिणाम आहे, आत्ता हे बदललं की थांबेल." लपवलेली चूक दुसऱ्याने शोधली तर ती चूक राहत नाही, ती तुमच्यावरच्या अविश्वासाची गोष्ट होते. आणि लेखी सांगा. मेल असेल तर पुढे कुणी सगळं तुमच्या गळ्यात मारू शकत नाही.

दोन, स्वतःची चुकांची वही ठेवा. फोनमधल्या नोट्स चालतील. प्रत्येक चुकीला चार ओळी. काय झालं. कुणाला काय त्रास झाला. तेव्हा मला काय माहीत होतं. आता काय बदललं. तिसरी ओळ गाळू नका. आज सगळं कळल्यावर 'हे तर उघडच होतं' असं वाटतं, पण त्या दिवशी तुमच्यापुढे काय होतं तेच बघायचं. ती ओळ लिहिली की उगाच स्वतःला कोसणंही थांबतं, आणि उगाच सूट देणंही थांबतं.

तीन, हीच वही मुलाखतीला वापरा. "तुमची एखादी चूक सांगा" म्हटलं की निम्मे लोक म्हणतात, "मी जरा जास्तच परफेक्शनिस्ट आहे." समोरचा मनात हसतो, मीही हसलोय. त्याऐवजी ती चार वाक्यं सांगा. मी मुलाखतींच्या पॅनलवर बसलोय. चकचकीत पोर्टफोलिओ दिवसाला दहा बघायला मिळतात. 'हे फसलं, का फसलं, मग मी हे बदललं' असं सांगणारा एखादाच येतो, आणि संध्याकाळी आम्हाला त्याचंच नाव आठवतं.

आणि एक विनंती, जे आता सिनियर झालेत त्यांना. तुमच्या टीममधला ज्युनियर घाबरत घाबरत चूक सांगायला आला, तर तुमचं पहिलं वाक्य जपून बोला. "कुणी केलं हे?" म्हणालात, तर पुढची चूक तुमच्यापर्यंत येणारच नाही. "बरं झालं सांगितलंस. आधी थांबवूया," एवढं म्हणा. वर्षभराचं ट्रेनिंग त्या एका वाक्यात होतं.

आज तुम्हाला एकच काम देतो. नोट्स उघडा आणि मागच्या सहा महिन्यांतली एक चूक त्या चार ओळींत लिहा. चौथी ओळ, 'आता काय बदललं', रिकामी राहिली तर समजा की ती चूक अजून तिथेच बसलेली आहे, पुढच्या माणसाची वाट बघत. सोमवारी तिच्यापासून सुरुवात करा.

भाग आवडला तर आपल्या एखाद्या डिझायनर मित्राला, मैत्रिणीला पाठवा. विशेषतः त्यांना, ज्यांची सध्या रात्रीची झोप उडालेली आहे. भेटूया पुढच्या भागात. काळजी घ्या.